बीसीयू: गेम उडवल्यावर मागे उरलेला पसारा आवरणारं फुकट सॉफ्टवेअर, वापरून झाल्यावरचा रिव्ह्यू

आधी निकाल सांगून टाकते, ज्यांना घाई आहे त्यांनी इथूनच परत गेलं तरी चालेल. बल्क क्रॅप अनइन्स्टॉलर (पुढे नुसतं बीसीयू म्हणते) घ्या, गेम काढायला बिनधास्त वापरा, पण त्याने सी ड्राइव्ह भसाभस रिकामा होईल असं वाटत असेल तर तसं होत नाही, कारण जागा खाणारा माल बऱ्याचदा त्याच्या हद्दीबाहेर असतो. मला ते आवडलं ते एका वेगळ्याच कारणासाठी. हे सॉफ्टवेअर काहीही उडवायच्या आधी सांगतं की मला याची किती खात्री आहे आणि का. बाकी क्लीनर लोक नुसते "७३४ प्रॉब्लेम सापडले" असं लाल अक्षरात ओरडतात आणि आपण घाबरून बटण दाबावं अशी अपेक्षा ठेवतात.

आमच्या घरात पीसी एक आणि खेळणारे तीन. मुलगा, सुट्टीला आला की माझा दीर, आणि रात्री सगळे झोपले की नवरा (तो कबूल करत नाही, पण स्टीमवर, म्हणजे गेम विकत घेऊन खेळायच्या ॲपवर, खेळलेले तास दिसतात). मुलाचं दहावीचं वर्ष लागलं तसं ठरलं की मोठे गेम काढायचे, आणि हे काम अर्थातच माझ्याकडे आलं कारण घरातली "कॉम्प्युटरवाली" मीच. विंडोजच्या सेटिंगमधून एकेक करत सगळे काढले, शेवटी धिस पीसी उघडून बघितलं तर सी ड्राइव्हची पट्टी लाल ती लालच. म्हणून मग हा शोध सुरू झाला.

तर आधी थोडं आत काय चालतं ते, कारण ते कळल्याशिवाय कुठल्याच अनइन्स्टॉलरकडून नक्की काय अपेक्षा ठेवायची ते समजत नाही. सेटिंग्जमध्ये इन्स्टॉल्ड ॲप्सची जी यादी दिसते ती विंडोजने डिस्क धुंडाळून बनवलेली नसते. रजिस्ट्रीत, म्हणजे विंडोजच्या सेटिंग आणि नोंदींच्या वहीत, अनइन्स्टॉल नावाची एक की (नोंदींचा कप्पा) आहे, प्रत्येक प्रोग्राम येताना तिथे आपली नोंद करतो, नाव, कंपनी, मला काढायचं असेल तर अमुक फाइल चालवा, आणि अंदाजे साइज. हो, साइजसुद्धा बऱ्याचदा इन्स्टॉलरनेच लिहून ठेवलेली असते, नंतर गेम अपडेट घेत घेत कितीही फुगला तरी तिथला आकडा जुनाच राहू शकतो. स्टीमच्या गेमचं तर अजून मजेशीर, तिथे काढायची कमांड म्हणून फक्त स्टीमला एक निरोप असतो, जीटीए ५ चा स्टीमवरचा नंबर २७१५९०, तर नोंदीत जवळपास एवढंच की स्टीम, २७१५९० काढ. आता स्टीमच आधी उडवलं असेल आणि गेम दुसऱ्या ड्राइव्हवरच्या लायब्ररीत असेल तर निरोप घ्यायला कोणी नाही, गेम आपला निवांत पडून. आणि याच्या उलट कुणी शहाण्याने गेमचं फोल्डर शिफ्ट-डिलीट केलं असेल तर गेम गेला पण यादीतलं नाव अमर.

बीसीयू इथे पहिला मार्क मिळवतं. ते या एका यादीवर विसंबत नाही, स्टीमची लायब्ररी वेगळी वाचतं, मायक्रोसॉफ्ट स्टोअरची ॲप वेगळी, आणि कुठेच नोंद नसलेली पण प्रोग्रामसारखी दिसणारी फोल्डरंही हुडकून "अनाथ" म्हणून दाखवतं. हे शेवटचं आपल्याकडे फार कामाचं आहे, कारण मित्राच्या हार्ड डिस्कवरून नुसतं फोल्डर कॉपी करून आणलेले गेम कुठल्या घरात नाहीत सांगा. दिराने आणलेले असे गेम विंडोजच्या यादीत नव्हतेच, इथे ते दिसले. ज्यांचा अनइन्स्टॉलर गायब झालाय अशा नोंदी वेगळ्या रंगात येतात, त्याही इथूनच साफ करता येतात.

इन्स्टॉल करायला काही विशेष नाही. ओपन सोर्स आहे, अपाचे लायसन्स, जाहिरात नाही, "प्रो घ्या" म्हणून मागे लागणं नाही. पोर्टेबल आवृत्ती पण मिळते, झिप उघडायची आणि पेनड्राइव्हवरून चालवायची, मला तीच बरी वाटली, साफसफाईच्या नावाखाली अजून एक गोष्ट इन्स्टॉल कशाला. पहिल्यांदा उघडलं की थोडे प्रश्न विचारतं, मग स्कॅन करायला वेळ घेतं, पीसी जुना असेल तर चहा टाकून या. आणि मग जी स्क्रीन समोर येते ती बघून साधा माणूस दचकतो हे खरं आहे. डावीकडे फिल्टरची चौकट, मधे भलीमोठी यादी, डझनभर कॉलम, खाली रंगीत चौकोन चौकोन (ज्याचा चौकोन मोठा त्याने जागा जास्त खाल्ली). दिसायला अगदी सरकारी ऑफिसातलं सॉफ्टवेअर. देखणेपणाचे मार्क शून्य, पण साइजच्या कॉलमवर क्लिक करून मोठ्यापासून लहान लावलं की अर्धं काम झालं.

एकदम अनेक गेम टिकमार्क करून काढता येतात, नावातलं बल्क तेच. दोन पर्याय असतात, साधं अनइन्स्टॉल आणि क्वाएट. क्वाएटमध्ये नेक्स्ट नेक्स्ट फिनिश न करता आपोआप होतं. गेमसाठी मी क्वाएट वापरत नाही, कारण काही गेमचे अनइन्स्टॉलर मधे विचारतात की सेव्ह ठेवू का, क्वाएटमध्ये तो प्रश्न आपल्यापर्यंत पोचतच नाही. ब्राउझरच्या टूलबार, प्रिंटरसोबत फुकट आलेला फालतू माल, त्याला क्वाएट उत्तम.

आता मुद्द्याचा भाग. गेम निघून गेला की बीसीयू विचारतं की मागे उरलेलं शोधू का. हो म्हटलं की एक यादी येते, फोल्डरं आणि रजिस्ट्रीच्या नोंदी, आणि प्रत्येक ओळीपुढे खात्रीचा शेरा, व्हेरी गुड, गुड, क्वेश्चनेबल, बॅड. ज्यांची खात्री चांगली त्यांना आधीच टिक असते, बाकीच्यांना नाही. यात मला एक ओळ भेटली ती सांगते. गेम काढला त्याच्या स्टुडिओच्या (गेम बनवणाऱ्या कंपनीच्या) नावाचं एक फोल्डर ॲपडेटामध्ये, म्हणजे प्रोग्राम आपापला डेटा ठेवतात त्या विंडोजच्या फोल्डरमध्ये, होतं, शेरा क्वेश्चनेबल, टिक नाही. राइट क्लिक करून डिटेल्स बघितले तर कारणं लिहिलेली, कंपनीचं नाव जुळतंय हा मुद्दा बाजूने, पण याच कंपनीचं दुसरं काहीतरी अजून पीसीवर आहे हा मुद्दा विरुद्ध. फोल्डर उघडलं. आत दोन फोल्डरं, एक काढलेल्या गेमचं आणि दुसरं त्याच स्टुडिओच्या जुन्या गेमचं, त्यात मुलाचे सगळे सेव्ह (गेममध्ये कुठवर पोचला त्याच्या फाइली). सरसकट "सिलेक्ट ऑल, डिलीट" मारलं असतं तर घरात महाभारत झालं असतं. सॉफ्टवेअरला ते फोल्डर नक्की कोणाचं हे ठामपणे माहीत नव्हतं, आणि त्याने तसं सांगितलं, मला अजून काय पाहिजे.

कारण लोकांना वाटतं की अनइन्स्टॉल केल्यावर उरलेलं सगळं म्हणजे कचरा. तसं नसतं. सेव्ह मुद्दाम गेमच्या फोल्डरबाहेर ठेवतात, म्हणजे गेम परत टाकला की जिथे सोडलं तिथून सुरू. फक्त प्रत्येकाची जागा वेगळी, हा सगळा त्रास आहे. विचर ३ चे सेव्ह डॉक्युमेंट्समध्ये, स्कायरिमचे डॉक्युमेंट्समधल्या माय गेम्समध्ये, स्टारड्यू व्हॅली आणि एल्डन रिंगचे ॲपडेटा रोमिंगमध्ये, हॉलो नाइटचे ॲपडेटाच्या लोकललो नावाच्या फोल्डरमध्ये (युनिटी या गेम बनवायच्या सॉफ्टवेअरवर बनलेले बरेच गेम तिथेच सापडतात), माइनक्राफ्ट जावाची जगं रोमिंगमधल्या डॉट माइनक्राफ्टमध्ये. ॲपडेटा हे फोल्डर लपवलेलं असतं त्यामुळे व्ह्यूमध्ये जाऊन हिडन आयटम्स चालू केल्याशिवाय दिसत नाही. काढण्याआधी गेमच्या स्टोअर पेजवर स्टीम क्लाउड (म्हणजे सेव्ह इंटरनेटवरही ठेवले जातात) लिहिलंय का ते बघायचं, नसेल तर सेव्हचं फोल्डर कॉपी करून गूगल ड्राइव्हवर टाकायचं, सेव्ह सहसा फार मोठे नसतात.

आणि अनइन्स्टॉलर जास्त उत्साही असला तर काय होतं याचे किस्से गेमच्या दुनियेत प्रसिद्ध आहेत. १९९८ साली मिथ २ नावाचा गेम आला, पुढे हेलो हा गेम बनवणाऱ्या बंजी कंपनीचाच. त्याचा अनइन्स्टॉलर गेम ज्या फोल्डरमध्ये असेल ते अख्खं फोल्डर साफ करायचा. कुणी गेम फोल्डर न करता थेट ड्राइव्हवरच टाकला असेल तर अख्खा ड्राइव्हच साफ. बंजीने बाजारात निघालेला माल परत बोलावला. दुसरा किस्सा डिसेंबर २००७ चा, ईव्ह ऑनलाइन या गेमच्या ट्रिनिटी अपडेटचा. गेममध्ये बूट डॉट आयएनआय नावाची स्वतःची फाइल होती, अपडेटला ती काढायची होती, पण त्याने सी ड्राइव्हवरची विंडोज एक्सपीची त्याच नावाची फाइल उडवली, आणि लोकांचे पीसी सुरूच होईनात. त्यामुळे बीसीयूचा हा अति सावधपणा मला खटकत नाही. डिलीट करण्याआधी ते रजिस्ट्रीचा बॅकअप घेऊ का विचारतं, रिस्टोर पॉइंटचाही (काही बिघडलं तर विंडोज आधीच्या स्थितीत नेता येतं तो) पर्याय देतं. कंटाळा न करता दोन्हीला हो म्हणा.

आता जागेचं बोलू. बीसीयूने शोधलेल्या उरलेल्या गोष्टींची यादी लांबलचक होती पण त्यातलं बरंच म्हणजे रजिस्ट्रीच्या नोंदी आणि रिकामी फोल्डरं. रजिस्ट्रीतल्या शेकडो नोंदी काढल्या तरी मोबाइलच्या एका फोटोएवढी जागा मिळायची मारामार. रजिस्ट्री साफ केल्याने पीसी फास्ट होतो हा समज आपल्याकडे सायबर कॅफेच्या जमान्यापासून चालत आलाय, खुद्द मायक्रोसॉफ्ट असले रजिस्ट्री क्लीनर वापरू नका असंच सांगतं.

जागा सापडली ती विझट्रीमध्ये. हे वेगळं सॉफ्टवेअर, घरगुती वापराला फुकट. हे डिस्कवर फोल्डर-फोल्डर फिरत बसत नाही, एनटीएफएस ड्राइव्हचं जे मास्टर फाइल टेबल असतं, म्हणजे सगळ्या फाइलींचं रजिस्टर, ते थेट वाचतं, त्यामुळे काही सेकंदांत अख्ख्या ड्राइव्हचा हिशोब समोर. आणि मग काय काय बाहेर आलं ते ऐका. व्हिडिओज फोल्डरमध्ये कॅप्चर्स, त्यात विंडोजच्या गेम बारने (स्क्रीन रेकॉर्ड करायची सोय) रेकॉर्ड केलेल्या क्लिपा, एकेक जीबीच्या वर, चुकून चालू राहिलेलं रेकॉर्डिंग, त्यात चिरंजीव मायक्रोफोनवर मित्राला शिव्या देतायत (तो विषय वेगळा हाताळला). कुठलाही अनइन्स्टॉलर याला हात लावणार नाही, आणि लावूही नये, त्याच्या दृष्टीने ते तुमचे व्हिडिओ आहेत. मग ॲपडेटा लोकलमध्ये एनव्हिडियाचं डीएक्सकॅश आणि विंडोजचं डीथ्रीडीएसकॅश, हे शेडर कॅश, ग्राफिक्स कार्डने गेमसाठी एकदा तयार करून ठेवलेला माल, गेम गेला तरी हा तसाच राहतो. तो खुशाल उडवा, लागला तर परत बनतो, फक्त जे गेम ठेवलेत ते पहिल्यांदा थोडे अडकत चालतील. विंडोजच्या डिस्क क्लीनअपमध्ये डायरेक्टएक्स शेडर कॅशचा वेगळा टिकमार्क आहे, त्याने विंडोजवाला जातो, त्याला कसलंच सॉफ्टवेअर नको.

स्टीमचं अजून एक. ते फक्त स्वतः टाकलेल्या फाइली काढतं. तुम्ही हाताने मॉड (गेममध्ये बदल करणाऱ्या, बाहेरून आणलेल्या फाइली) टाकले असतील तर स्टीमॲप्समधल्या कॉमन फोल्डरमध्ये गेमच्या नावाचं फोल्डर मॉडसकट बसलेलं असतं. स्टीममध्ये गेम दिसत नाही, डिस्कवर मात्र आहे. मॉडच्या नादी लागलेल्यांनी हे फोल्डर आधी बघावं.

मोबाइल गेम पीसीवर खेळायला ब्लूस्टॅक्स टाकलं असेल तर तेही तपासा. त्याची अख्खी अँड्रॉइडची व्हर्च्युअल डिस्क प्रोग्रामडेटामध्ये असते, आत गेम भरत गेले की ती फुगत जाते. ब्लूस्टॅक्सचं स्वतःचं क्लीनर टूल मिळतं, तिथे बीसीयूपेक्षा ते वापरलेलं बरं.

आणि एक टीप, गेम काढायच्या आधी त्याचं अपडेट आलंय का बघा. हेलडायव्हर्स २ वाल्यांनी २०२५ च्या शेवटी पीसीवरचा गेम सुमारे १५४ जीबीवरून २३ जीबीवर आणला, जुन्या हार्ड डिस्कवर लवकर लोड व्हावा म्हणून एकच डेटा अनेक ठिकाणी ठेवला होता तो काढून. नवऱ्याचा गेम असा वाचला, त्याचा आनंद बघण्यासारखा होता.

साइजच्या नादात दोन गोष्टी राहून जातात, त्या कुठल्याही जीबीपेक्षा महत्त्वाच्या आहेत. एक म्हणजे अँटी-चीट, ऑनलाइन गेममध्ये फसवणूक पकडणारं सॉफ्टवेअर. व्हॅलोरंट गेम काढला म्हणून त्याचं अँटी-चीट रायट व्हॅनगार्ड जात नाही, यादीत त्याची वेगळी नोंद असते आणि ते पीसी सुरू होतानाच विंडोजच्या एकदम गाभ्यात जाऊन बसतं. बीसीयूच्या यादीत ते दिसतं, तिथून वेगळं काढायचं. पण लीग ऑफ लेजंड्स खेळत असाल तर काढू नका, २०२४ पासून त्यालाही तेच लागतं. ईझी अँटी-चीट आणि बॅटलआयचंही तसंच, अनेक गेम मिळून एकच वापरतात, त्यामुळे घरातल्या कोणाला लागतंय का ते विचारून मगच.

दुसरी गोष्ट डिफेंडरची, म्हणजे विंडोजच्या स्वतःच्या अँटीव्हायरसची, आणि ही कोणीच सांगत नाही. इकडून तिकडून आणलेल्या गेमसोबत जी सूचनांची फाइल असते तिच्यात हमखास लिहिलेलं असतं की अँटीव्हायरस बंद करा किंवा हे फोल्डर एक्सक्लूजनमध्ये (अँटीव्हायरसने तपासायचं नाही अशा यादीत) टाका. मुलं टाकतात. गेम नंतर जातो, एक्सक्लूजन राहतं, म्हणजे त्या फोल्डरमध्ये उद्या काहीही येऊन बसलं तरी डिफेंडर तिकडे बघणार नाही. आमच्याकडे तर कोणीतरी अख्खा डी ड्राइव्ह टाकून ठेवला होता. कोणी ते अजून कळलेलं नाही, तिघेही एकमेकांकडे बोट दाखवतायत. विंडोज सिक्युरिटी उघडा, व्हायरस अँड थ्रेट प्रोटेक्शन, मॅनेज सेटिंग्ज, खाली एक्सक्लूजन्स. आत्ता जाऊन बघा, मी थांबते.

आणि ज्याला हात लावायचा नाही ते म्हणजे व्हिज्युअल सी प्लस प्लस रीडिस्ट्रिब्युटेबल, प्रोग्राम चालायला लागणाऱ्या मायक्रोसॉफ्टच्या सामाईक फाइली. यादीत त्याच्या वर्षावर्षाच्या ओळी बघून वाटतं एकच ठेवावी, बाकी काढाव्या. नको. गेमच नाही, टॅलीपासून स्कॅनरपर्यंत कशालाही ती लागू शकतात आणि जागा नगण्य.

रेव्हो अनइन्स्टॉलरशी तुलना होणारच म्हणून सांगते, तेही चांगलं आहे, दिसायला बरंच सोपं, एकेक प्रोग्राम काढायचा असेल तर नवख्या माणसाला मी रेव्होची फुकट आवृत्तीच देईन. त्यात सेफ, मॉडरेट, ॲडव्हान्स्ड असे स्कॅन आहेत, नवख्याने सेफच्या पुढे जाऊ नये. उरलेल्या रजिस्ट्री नोंदींत ठळक अक्षरातल्याच डिलीट करायच्या असतात, बाकी फक्त रस्ता दाखवायला असतात, हे नीट बघा. पण अनेक प्रोग्राम एकदम काढणं, अनइन्स्टॉलर नसलेला प्रोग्राम जबरदस्तीने काढणं हे पैसे भरून घ्यायच्या प्रोमध्ये आहे, बीसीयूमध्ये दोन्ही फुकट. सीसीक्लीनरबद्दल माझं मत थंड आहे, २०१७ मध्ये त्याच्या ५.३३ आवृत्तीतच कुणीतरी मालवेअर घुसवलं होतं आणि ती सुमारे २२ लाख ७० हजार पीसींवर पोचली होती. साफ करणाऱ्याला आपण घराच्या सगळ्या चाव्या देतो, तेव्हा निवडताना तेवढं बघावं.

बीसीयूच्या तक्रारी सांगायच्या तर, स्कॅन संथ, स्क्रीनवर गर्दी, आणि सेटिंग इतक्या की अर्ध्यांना मी हातच लावला नाही. सासऱ्यांच्या लॅपटॉपवर मी हे टाकणार नाही. पाचपैकी चार तारे, एक दिसण्यासाठी कापला. डाउनलोड करताना फक्त बीसीअनइन्स्टॉलर डॉट कॉम किंवा गिटहबवरूनच घ्या, सर्चमध्ये त्याच्यावर येणाऱ्या जाहिरातीच्या लिंकवर मोठं हिरवं डाउनलोड बटण दिसलं तर खाली सरका. आणि पीसीवर जेमतेम दोन-तीनच गेम असतील तर यातलं काहीच टाकू नका, सेटिंग्जमधून काढा, ॲपडेटामध्ये एकदा डोकवा, कॅप्चर्स रिकामं करा, झालं काम.